सुकलूची पाठ

मित्रांनो, मी एक जुना कॅमेरा आहे, पण लग्नातले हारतुरे टिपणारा नव्हे बरं! मी चावी भरून चालणारा, सोळा एमएमच्या फिल्मवर हलती चित्रं टिपणारा. माहितीपट काढणाऱ्या गुणवंतरावांच्या हातात बसून मी चंद्रपूर-गडचिरोली पालथं घातलं. संप, मोर्चे, उपाशी गावं, सगळं टिपलं. ऊर्जानगरच्या वीजकेंद्राच्या फाटकाशी मला बघून कामगार केस सारखे करायचे. मला भारी घमेंड होती.

चौऱ्याऐंशीच्या उन्हाळ्यात आम्ही कुरखेड्याच्या पुढे जंगलातल्या एका गावी गेलो. विड्यांसाठी तोडलेल्या तेंदूपत्त्याचा भाव वाढवून मागितला म्हणून ठेकेदाराच्या माणसांनी तिथल्या सुकलूला काठ्यांनी मारून टाकलं होतं. ठेकेदार म्हणे, झाडावरून पडला. सुकलूच्या बायकोचं, बुधरीचं, एकच मागणं होतं.

"त्याची पाठ दाखव जगाले, भाऊ. मंग कोनी झाड म्हननार नाई."

गुणवंतरावांनी पाठ टिपली, बुधरीचं रडणंही टिपलं. गावाने प्रेत कापडात बांधलं. मग सवयीप्रमाणे गुणवंतरावांनी माझं भिंग काढून आत पाहिलं. फिल्म जिथून सरकते त्या खिडकीत फिल्मचीच केसासारखी बारीक साल अडकली होती. प्रत्येक चित्रावर तिची रेघ आली असणार. मेलं माझं नशीब!

"पुन्हा घ्यावं लागेल," ते म्हणाले.

गावातले म्हातारे देवाजी आडवे आले. "आमच्यात एकदा बांधला का सोडत नाई."

बुधरीने त्यांना बाजूला सारलं आणि गाठी स्वतः सोडल्या. सुकलू दुसऱ्यांदा पालथा झाला.

"बाई, मघासारखं रडा," गुणवंतराव म्हणाले.

ती रडली. मी करकरत चालत राहिलो. त्या दिवसापासून गावाने तिच्या हातचं पाणी सोडलं.

फिल्मला दिल्लीत बक्षीस मिळालं, तेही चित्रीकरणाचं. मी शेफारलो. चंद्रपूरच्या एका शाळेत ती दाखवली, मलाही पडद्याशेजारी मांडून ठेवलं होतं. तेव्हा बुधरी बसने आली आणि अगदी पुढे बसली. पडद्यावर ती रडली. लोकांनी डोळे पुसले. दिवे लागले तरी ती उठेना.

"पाठ कुठी हाये, भाऊ?"

"कापली, बाई. लोकांना बघवत नव्हती. तुमचं रडणं मात्र पूर्ण ठेवलंय."

"मंग मले गाठी काऊन सोडाले लावल्या?"

गुणवंतरावांनी मला पेटीत घातलं आणि झाकण लावलं.

मित्रांनो, आता मी कपाटात पडून आहे, भिंगाला बुरशी आली आहे. मला पुसा, तेल घाला, मला आवडेल. पण कुणाच्या दारात मला नेलंत, तर त्याने जे दाखवायला सांगितलं तेच दाखवा. तेवढं जमणार नसेल, तर बुरशीला मला खाऊ द्या.