पाहुणा आला आणि माझा दिवा गेला

मित्रांनो, मी एक जुना फिल्म प्रोजेक्टर आहे. पुण्यात आम्रपाली मॅडमच्या फिल्म क्लबमध्ये माझं आयुष्य गेलं. मॅडम फ्रेंच शिकवायच्या आणि दर रविवारी परदेशी सिनेमे दाखवायच्या.

तिथेच मला पडद्यावर रेमों ताव्हेल हा फ्रेंच नट भेटला. पहिल्या सिनेमात तो दीपगृहाचा रखवालदार होता. अर्धा तास झाला तरी एक शब्द बोलेना. क्लबचे जुने सभासद दिगंबरकाका म्हणाले, "अहो, यांचं मौनव्रत आज सुटणार आहे ना?" सगळे हसले. पण शेवटी रेमों समुद्राकडे पाहून नुसता हसला, तेव्हा काकाच डोळे पुसत होते.

मग त्याचे सिनेमे येतच राहिले. मोठ्या कंपन्यांनी बोलावलं तरी तो छोट्या दिग्दर्शकांकडेच रमला. माझ्याच उजेडात त्याचे केस पिकले. इकडे घरोघरी केबल आली, तरुण मंडळी आयटीत गेली. आमच्या खुर्च्या रिकाम्या राहू लागल्या. मला तेल घालायचंही कोणाला आठवेना.

आणि दोन हजार तीन साली रेमों स्वतः पुण्यात आला! हॉल गच्च भरला. तो फ्रेंचमध्ये बोलला आणि मॅडमनी मराठीत सांगितलं, "हा माझा शेवटचा सिनेमा. तिकडे आता मला कोणी बघत नाही."

सिनेमा रंगला. नेमका शेवटच्या प्रसंगाआधी माझा दिवा गेला. दुसरा मिळेना. मी शरमेने गार पडलो.

"पाहुणे पॅरिसहून आले, पण दिवा काही स्वारगेटहून येईना," काका पुटपुटले.

रेमों उठला आणि मॅडमकरवी म्हणाला, "शेवट मी करून दाखवतो. माझी मुलगी कोण होणार?"

ऑफिसातून थेट आलेली, क्लबमधली चैताली लाजत पुढे झाली. गोष्टीतली रुसून गेलेली मुलगी खूप वर्षांनी घरी परतते. म्हातारा बाप झालेला रेमों तिच्याकडे बघत राहिला. मग त्याने तिच्या खांद्यावरची लॅपटॉपची बॅग हळूच काढून आपल्या खांद्यावर घेतली. चैतालीला खरोखरच रडू आलं. टाळ्या थांबेनात.

"शेवटचा कसला? पुढचा कधी आणताय ते सांगा!" काका ओरडले.

मॅडमनी ते फ्रेंचमध्ये सांगताच रेमों हसला आणि आता तोच डोळे पुसू लागला.

त्यानंतर त्याने आणखी तीन सिनेमे केले. चैतालीने इंटरनेटवर शोधून माझ्यासाठी नवा दिवा मागवला. ते तिन्ही सिनेमे मीच दाखवले, बरं का!

मित्रांनो, माझ्यासारख्या यंत्राला अधूनमधून दोन थेंब तेल पुरतं. माणसाला मात्र तुमचे शब्द लागतात. कोणाचं काम आवडलं, तर समोर जाऊन सांगा. आजच सांगा.