पाकटीची पिल्लं

जाळ्यातून मासळी कमीच आली. पाकट एकच होती, पण तिने अर्धा डेक व्यापला. सपाट काळपट अंग, पाठीवर पांढरे ठिपके, आणि शेपटी चाबकासारखी फिरत होती. शेपटीतला काटा फळीवर बसला की लाकडाची ढलपी निघत होती.

तोफ लाकडी हातोडा घेऊन पुढे आला. तो कप्तानाचा मेहुणा; जाळं ओढायचा विंच तोच चालवायचा. बोलायला लागला की त्याचा आवाज इंजिनाच्याही वर चढायचा, म्हणून हे नाव. गेल्या वर्षी एका पाकटीने त्याच्या पोटरीत काटा घातला होता. जखम चिघळली आणि डॉक्टरांनी अर्धी पोटरी काढून टाकली. तेव्हापासून बोटीवर आलेली एकही पाकट त्याने जिवंत सोडली नव्हती.

"हिला हात लावायचा नाही," कप्तानाची बहीण म्हणाली. ती या माशांचा अभ्यास करायची आणि अशा एका मादीसाठीच बोटीवर आली होती. ही जात किनाऱ्यावरून संपत चालली होती. माद्या पिल्लं घालायला नदीच्या मुखाशी जातात, असा तिचा अंदाज होता. टिकटिक वाजणारी खूण लावलेली एक गाभण मादी तिथे गेलेली दिसली, तर मोठ्या बोटींची, समुद्राचा तळ खरवडणारी जाळी तिथून हटवता येणार होती. अंदाज मात्र कोणी ऐकून घेत नव्हतं.

तिने पाकटीच्या डोळ्यांवर ओलं पोतं टाकलं आणि पाण्याची नळी तोंडात सारली.

"मॅडम, सरका. तुमच्यावर माझा राग नाही."

"दादा, याला सांग ना!"

"दाजींनी सांगून काय होतंय? पोटरी दाजींची गेली का?"

सुकाणू बांधून कप्तान खाली उतरला. "तोफ, मी तिला शब्द दिलाय. हातोडा ठेव."

"आमच्या अक्कालाही दिला होता शब्द. लग्नात. काय झालं त्याचं?"

कप्तानाने त्याचं मनगट धरलं. तोफेने हिसडा दिला. दोघे ओल्या डेकवर आपटले, बर्फाच्या पेटीवर धडकले. कप्तानाने गुडघा त्याच्या पोटात घातला, तोफेने डोक्याने त्याच्या नाकावर धडक दिली. हातोडा खाली आला तेव्हा कप्तानाचा हात पेटीच्या कडेवर होता. तीन बोटं एकदम मोडल्याचा आवाज तिघांनीही ऐकला.

कप्तान हात छातीशी धरून खाली बसला. तोफ धापा टाकत पाकटीकडे वळला आणि थांबला.

पाकटीच्या मागच्या बाजूने एक पिल्लू बाहेर सरकत होतं. तळहाताएवढं, पंख गुंडाळलेले. मागोमाग दुसरं. दोन्ही फळीवर निपचित पडली. घाबरली, दमली की पाकट पोटातली पिल्लं वेळेआधी टाकून देते.

तोफेने हातोडा फेकला. पुढचं त्याने इतक्या हळुवारपणे केलं की कप्तानाची बहीण बघतच राहिली. गुडघे टेकून त्याने पाकटीचं पोट दाबलं, तिसरं पिल्लू ओंजळीत घेतलं. त्याच्या पोटाला बारीक नळीने पिवळी पिशवी लटकत होती. त्याने अंगठ्याच्या नखाने नळी तोडली, पिशवी बाजूला टाकली आणि पिल्लू पाण्यात सोडलं.

"आई मारतो मी. पोरं नाही मारत. नाळ कापून सोडतो एकेकाला. विचारा दाजींना."

"ती नाळ नाही!" ती ओरडली. "ते त्याचं जेवण आहे! अजून आतच वाढायचं होतं त्याला! दाबू नका, आत आणखी असेल!"

"काय बोलताय?"

"वाचत नाही त्यातलं एकही!"

तोफ कठड्यावरून वाकला. पिल्लू पोट वर करून तरंगत होतं. एका समुद्रपक्ष्याने झडप घातली, चोचीत फाडलं, अर्धं खाली पडलं. दुसऱ्या पक्ष्याने ते उचललं.

तोफ वळला आणि त्याने तिच्या थोबाडीत मारली. तिचा ओठ फाटला.

"आधी सांगायला काय झालं होतं तुला? इतकी वर्षं माशांचा अभ्यास करतेस!"

"मला काय माहीत तुम्ही हे करता!" ती रक्त थुंकली. "आता मारा नाहीतर उचला. मला एकटीला पेलत नाही, दादाचा हात तुम्ही मोडलाय. आई वाचली तर आत राहिलेलं कदाचित वाचेल."

तो शिव्या देत खाली वाकला. एक पंख त्याने धरला, एक तिने. पाकट कठड्यावर टेकली तशी शेपटी फिरली आणि काटा त्याच्या दंडात घुसून तिथेच राहिला. तो गुरासारखा ओरडला.

"सोडू का?" तिने विचारलं.

"तुझी ती खूण लाव आधी! लाव की! उगाच का मरतोय मी इथे?"

तिने पंखाच्या मुळाशी टोचणी दाबली, खूण अडकवली. तोफेने दात ओठांवर रोवून दंड मागे ओढला. काट्याबरोबर मांस निघालं. पाकट पाण्यात पडली आणि बुडाली.

कप्तानाने उजव्या हाताला फडकं गुंडाळून डाव्या हाताने स्टोव्ह पेटवला. पाकटीच्या विषाला गरम पाण्याचाच उतारा. तोफेने सोसवेल तितक्या कढत पाण्याच्या बादलीत दंड बुडवला.

तिने खुणेचा आवाज ऐकायचं यंत्र पाण्यात सोडलं. टिक. टिक. आवाज बरोबर बोटीखालून येत होता.

"जिवंत आहे?" कप्तानाने विचारलं.

"मेली तरी खूण अशीच वाजते. हलली तरच कळेल."

बराच वेळ आवाज तसाच, त्याच जागी राहिला. फळ्यांवरचं रक्त सुकायला लागलं. मग टिकटिक पुसट झाली. तिने यंत्र फिरवलं, पुन्हा फिरवलं. आवाज नदीच्या बाजूने येत होता.

"गेली," ती म्हणाली. "मुखाकडे."

तोफ पिवळ्या पिशवीकडे बघत होता. ती फळ्यांच्या फटीत अडकली होती.

"मला वाटायचं, मोकळं करतोय," तो म्हणाला. त्याचा आवाज पहिल्यांदाच इंजिनाखाली दबला.