सावली परत देणारा ब्रश

मित्रांनो, मी एक जुना ब्रश आहे. चार बोटे रुंद, दांडा चिरलेला, केसांच्या मुळाशी वाळून बसलेला मातकट हिरवा रंग. पण हसू नका, मी लढाई पाहिलेला आहे.

माझा मालक पेंटर. सैन्यात आमचे काम एकच, ट्रक दिसेनासे करायचे. "सावली चुगली करते," साहेब बजावायचे, "ती आधी मोडा." मग आम्ही ट्रकवर मातीच्या, झाडोऱ्याच्या रंगांचे पट्टे ओढायचो. शत्रूची विमाने घिरट्या घालून हात हलवत परत जायची. आमचा ड्रायव्हर तर एकदा स्वतःचाच ट्रक अर्धा तास शोधत होता! "पेंटर, तुझ्यापायी माझी नोकरी जाणार," तो कुरकुरला. मी केवढा फुगलो होतो, खोटे कशाला बोलू?

लढाई संपली. ट्रक परत आला, ड्रायव्हर आला नाही. पाणी आणायला तो उघड्यावर गेला होता. तिथे आमचा रंग त्याच्या उपयोगी पडला नाही.

घरी येऊन पेंटर पाट्या रंगवू लागला. पण हाताला सवय लपवण्याची! शिंप्याची पाटी भिंतीत अशी मिसळली, की गिऱ्हाईक शेजारच्या दुकानात शिरू लागले.

एके दिवशी ड्रायव्हरची आई आली. "त्याचा एकही फोटो नाही रे माझ्याकडे. तू त्याला रोज पाहिलंस. काढशील?"

पेंटरने आठवडाभर खपून चित्र काढले. तिने ते जवळ धरले, लांब धरले. "झाडं छान आहेत, बाळा. पण माझा मुलगा कुठाय?"

पेंटरचा चेहरा उतरला. डब्यात मलाही मेल्याहून मेल्यासारखे झाले.

ती गेल्यावर त्याने मला उचलले. "लपवता येतं, तर दाखवताही येईल. जी सावली मोडली, ती आधी परत देऊ." कोऱ्या कापडावर त्याने पहिल्यांदा सावलीच काढली, लांब आणि अखंड. तिच्या टोकाशी बूट, मग पाय, मग तो स्वतः. मागची जमीन उजळ ठेवली.

आई दारातच थबकली. "अस्साच उभा राहायचा द्वाड, एक खांदा पाडून!" तिने त्याची कॉलर सरळ करायला हात पुढे केला. रंग ओला होता. तिच्या बोटाचा ठसा पेंटरने पुसला नाही.

पुढे त्याने पुष्कळ माणसे रंगवली, प्रत्येकाला आधी सावली दिली. लोक लांबून ती चित्रे बघायला येतात.

मित्रांनो, काम झाले की ब्रश धुवा, केस वर करून ठेवा. मात्र माझ्या मुळाशी असलेला हिरवा खरवडू नका. ट्रक त्यानेच लपवले, आणि ड्रायव्हरच्या सावलीतही त्यातलाच थोडा उतरला आहे.