निरोगी मशीन

जयसिंगरावांचा सारा जन्म कोयलीच्या रिफायनरीत पंप दुरुस्त करण्यात गेला. स्क्रूड्रायव्हरचं टोक मशीनला आणि मूठ कानाला लावली, की आतलं बेअरिंग कसं आहे ते त्यांना बरोबर कळायचं. या कानाचा त्यांना भारी तोरा.

निवृत्तीनंतर त्यांनी हौसेने गच्चीवर पाणी तापवणारा हीट पंप बसवला. लगेच बायको, कुसुमावतीबाई, म्हणू लागल्या, "अहो, उशाशी सारखी घरघर होते. झोप लागत नाही." जयसिंगराव तडक गच्चीवर गेले, स्क्रूड्रायव्हर लावून ऐकलं आणि खाली येऊन निकाल दिला, "मशीन एकदम निरोगी. कसला आवाज?" बिघडलेलं मशीन करतं तोच काय तो आवाज; धडधाकट मशीन चाललं, तर त्यांच्या लेखी ती शांतताच. ते स्वतः घोरतात म्हणून हॉलमध्ये झोपत. बाईंच्या उशीवर एकदा डोकं टेकून पाहावं, एवढं काही त्यांना सुचलं नाही. बाई रोज सांगत राहिल्या, त्यांचे डोळे खोल गेले, आणि एक दिवस लेकीदेखत हे म्हणाले, "हिच्या डोक्यातच घुमतंय काहीतरी. डॉक्टरला दाखव." त्याच संध्याकाळी बाई लेकीबरोबर, शलाकाबरोबर, निजामपुऱ्याला तिच्या घरी निघून गेल्या.

दिवाळी झाली तरी आल्या नाहीत. फोन केला की शलाका म्हणे, "आई मजामां आहे, बाबा." घर खायला उठलं. एका दुपारी ते बाईंच्या पलंगावर आडवे झाले आणि उशीतून घरघर कानात शिरली. गच्चीवरून आलेला पाइप नेमका पलंगामागच्या भिंतीला क्लॅम्पने आवळलेला. मशीनची थरथर भिंतीत आणि भिंतीतून पलंगात. जयसिंगरावांना मेल्याहून मेल्यासारखं झालं.

मग झपाटल्यासारखे कामाला लागले. मशीनखाली रबरी पॅड, पाइपात मध्ये लवचीक नळी, क्लॅम्पच्या आत रबर. घरघर गेली. त्यांनी बाईंना बोलावून घेतलं.

बाई पलंगावर आडव्या झाल्या. भिंतीला हात लावून पाहिला. "हो. गेला आवाज."

"मग तुझी बॅग घेऊन येऊ?"

"आवाजामुळे गेले नव्हते मी," बाई उठत म्हणाल्या. "तो सोसला असता. तुम्ही मला वेडी ठरवलंत, ते नाही सोसवलं."

"चुकलो मी."

"स्वतःला ऐकू आलं, तेव्हा ना?"

रिक्षा निघून गेली. जयसिंगराव बाईंच्या उशीवर डोकं टेकून पडून राहिले. वर मशीन चालू होतं, खोलीत काहीच पोचत नव्हतं. काम चोख झालं होतं. वर जाऊन सगळी रबरं उपटून टाकावीत असं त्यांना वाटलं. पण आता तक्रार करायला घरात कुणी नव्हतं.