दोघांतली लूट

वाफ्याचं तोंड मला पहिल्या दिवसापासून आवडलं नाही आणि त्यालाही माझं आवडलं नाही. तेवढ्या एका बाबतीत आमचं पटत होतं.

आमची लॉन्ड्री हॉटेलांची. चादरी, टॉवेल, टेबलांवरची कापडं मळकी येतात आणि घडी होऊन परत जातात. मी टॉवेलवर. तो इस्त्रीच्या मोठ्या रोलरवर. दिवसभर वाफेत उभं राहून त्याचं डोकंही तसंच झालेलं, सदा फणफणलेलं, म्हणून वाफ्या. मला त्यानं कधी धड हाक मारली नाही. "ए टॉवेल, ती गाडी हलव." टॉवेल म्हणे! मी तरी कुठं सोडत होते? त्याची चादर एका कोपऱ्यात जरी चुरगळून आली, तरी मी ती सगळ्यांसमोर झेंड्यासारखी उंच धरायचे.

आम्ही दोघं दुपारच्या शिफ्टचे. मी घरी पोचेपर्यंत पोरगी झोपलेली. सकाळी तिचा एक मोजा सापडत नसतो, वेणी घालायला बसवलं तर मान सरळ धरत नाही, आणि बघता बघता शाळेला पसार. नवरा ट्रक घेऊन फिरतीवर. पोरीला सासूबाईंनी वाढवलं, आणि ते मला रोज एकदा ऐकवल्याशिवाय त्यांचा घास खाली उतरत नाही. त्यांचं चुकतं असंही नाही, म्हणून तर जास्त लागतं.

मग आम्हा मायलेकींना एक जागा सापडली. संध्याकाळी चहाची सुट्टी झाली की मी टॉवेलांच्या गाठोड्यावर बसायचे, पोरगी घरी सासूबाईंचा फोन घेऊन बसायची, आणि दोघी मिळून विमानातून उडी मारायचो. खेळच तसा आहे. एका बेटावर शंभर जण रिकाम्या हातानं उतरतात. घराघरांत शिरून बंदूक, हेल्मेट, औषधाची पेटी, काय मिळेल ते उचलायचं. या उचलण्यालाच लूट म्हणतात. बाहेरून एक वर्तुळ आवळत येतं, माणसं एकमेकांना मारत सुटतात आणि शेवटी उरेल तो जिंकतो. आमच्या लॉन्ड्रीत सगळ्यांनाच त्याचं वेड. चहा गार होतो, कोणाला शुद्ध नसते.

मी सुरुवातीला अगदीच ढ. बंदूक समजून तवा उचलायचे. पोरगी हसून हसून लोळायची, मग शिकवायची, आणि शिकवताना तिचा आवाज थेट सासूबाईंसारखा व्हायचा.

"आई, लूट कुठं चांगली हे आपण कुठला खेळ खेळतोय त्यावर आहे. चौघांत खेळायचं तर बंदरावर उतर. तिथं सगळ्यांना पुरेल एवढं असतं, फक्त वाटून घ्यायचं, हावरटपणा नाही करायचा. एकट्यात बंदरावर गेलीस तर मेलीस. तेव्हा टेकडीमागचं पंपघर. तिथं थोडंच मिळतं, पण कोणी येत नाही. दुसरे मारामारी करून संपले की त्यांच्या पेट्या उघडायच्या." मेलेल्या माणसाचं सगळं सामान पेटीत पडतं आणि ती पेटी कोणीही उघडू शकतं, असा नियम आहे.

"आणि दोघांत?"

"दोघांत शाळेवर. दोन इमारती आहेत, एक तुझी, एक माझी. पण दोघांत खरी भारी लूट म्हणजे पार्टनर."

"म्हणजे त्याला लुटायचं?"

"आई! म्हणजे त्याला मरू द्यायचं नाही!"

गोळी लागली की दोघांच्या खेळात माणूस लगेच मरत नाही. तो पडतो, रांगतो, त्याचं रक्त हळूहळू संपत जातं. तेवढ्यात पार्टनर शेजारी येऊन बसला तर उठवू शकतो. मी तर रोज पडायचे आणि ती कुठूनही धावत यायची. एकदा समोरून गोळ्या येत असताना आली, मला उठवलं आणि स्वतः मेली. मी ओरडले, "अगं बावळट, पळायचं ना!" तर म्हणाली, "मग तू एकटीनं काय केलं असतंस?" मला त्या दिवशी टॉवेलांच्या घड्या दिसेनात.

अशात सकाळच्या शिफ्टमधल्या मावशी काम सोडून लेकाकडे राहायला गेल्या. जागा एक, मागणारे ढीगभर. भांडणं अशी पेटली की विचारू नका. कोणी कोणाचे हातमोजे लपवले, कोणी माझ्या टॉवेलांच्या ढकलगाडीचं चाक काढून ठेवलं. चाक कोणी काढलं ते मला माहीत होतं. दुसऱ्या दिवशी वाफ्याच्या डब्यात साबणाचा चुरा कोणी टाकला ते त्यालाही माहीत होतं. सुपरवायझर वैतागला. "चोवीस तास त्या खेळातच असता ना? मग घ्या, तिथंच मिटवा. तीन फेऱ्या. एक चौघांची, एक एकट्याची, एक दोघांची. जो जितका शेवटपर्यंत टिकेल तितके त्याला गुण. आणि गुण माणशी धरणार, गटाचे नाहीत. जागा एकच आहे." उंटावरून शेळ्या हाकायच्या तर त्या अशाच. पण सगळ्यांनी माना डोलावल्या, कारण प्रत्येकाला वाटत होतं, आपणच जिंकणार.

सामने शिफ्ट बदलताना विश्रांतीच्या खोलीत व्हायचे. भिंतीवरच्या टीव्हीवर खेळ दिसायचा आणि सुपरवायझर तो फोनवरही दाखवायचा, घरच्यांना बघता यावा म्हणून. मी घरी सांगून ठेवलं, "बघ हं आज. सकाळची शिफ्ट मिळाली की रोज संध्याकाळी मी घरी." पोरगी म्हणाली, "रोज?" मी म्हटलं, "रोज." सासूबाई आतून म्हणाल्या, "बघू." त्यांचं ते 'बघू' माझ्या डोक्यात गेलं.

चौघांच्या फेरीत मी बंदरावर उतरले आणि तिनं सांगितलं तसं सगळ्यांना वाटत गेले, म्हणून आम्ही टिकलो. वाफ्याच्या गटानं एकमेकांच्या हातातलं ओढलं, तरी हा पठ्ठ्या एकटा शेवटपर्यंत राहिला. एकट्याच्या फेरीत मी पंपघर गाठलं. तिथं दारामागे कोण उभं? हाच! दोघांनी एकाच वेळी गोळ्या झाडल्या, दोघांच्याही चुकल्या, मग एक खिडकीतून पळाला आणि एक दारातून. खोलीत हशा पिकला. फेरी संपली तेव्हा सगळे मागे पडले होते. वर आम्ही दोघंच उरलो आणि गुणही सारखे.

दोघांच्या फेरीसाठी सुपरवायझरनं चिठ्ठ्या काढल्या. माझ्या चिठ्ठीसोबत कोणाची निघाली हे सांगायला नको. खोलीत असा आरडाओरडा झाला की टीव्ही ऐकू येईना. वाफ्या म्हणाला, "दुसरी काढा." मी म्हटलं, "काढाच." सुपरवायझर म्हणाला, "नखरे नकोत. बसा शेजारी."

हिशोब सरळ होता. आम्हा दोघांत जो आधी मरेल त्याची दुपार, जो मागे राहील त्याची सकाळ. पार्टनरला गोळी मारता येत नाही, नाहीतर आम्ही विमानातच एकमेकांना संपवलं असतं.

त्याला सकाळ कशाला हवी होती तेही मला ठाऊक होतं. त्याची बायको रात्री दवाखान्यात कामाला. सकाळी येऊन झोपते, ती उठायच्या आत हा कामावर. ती घरातून निघते तेव्हा हा इथं, हा पोचतो तेव्हा ती तिथं. लॉन्ड्रीत सगळे चेष्टा करायचे की यांचा संसार चावी शेजाऱ्यांकडे ठेवण्यापुरताच. मीही केली होती. पण मला काय त्याचं? माझ्या पोरीचं कोणी बघितलं होतं?

शाळेवर उतरलो. एक इमारत त्याची, एक माझी. माझ्या बाजूला काही म्हणजे काही नाही. एक मोडकं पिस्तूल आणि पट्ट्या. त्याच्याकडे सगळ्यात भारी हेल्मेट, लांब पल्ल्याची बंदूक, खचाखच भरलेली पिशवी. नशीबसुद्धा तोंड बघून देतं. मी मागितलं नाही. मागितलं असतं तर तो हसला असता आणि मला ते सहन झालं नसतं.

मग वर्तुळ आवळलं. आम्ही शाळेमागच्या उतारावरून पळत होतो आणि माझं रक्त निम्म्यावर आलं होतं. त्यानं माझ्यासमोर औषधाची पेटी टाकली. मी त्याच्याकडे बघितलं. तो आपल्या फोनकडेच बघत होता. "घे, मर्दिनी," म्हणाला, "नाहीतर म्हणशील, उपाशी मारलं." मी घेतली. आभार मानले नाहीत.

शेवटी मोजकेच गट उरले. आम्ही एका दगडी भिंतीमागे. त्यानं डोकं वर काढलं आणि लांबून कोणाची तरी गोळी आली. तो पडला.

रांगत भिंतीच्या आड आला, थेट माझ्या पायाशी. जागा सुरक्षित होती. समोरच्याला आम्ही दिसत नव्हतो. शेजारी बसायचं, एक बटण दाबून धरायचं, बस्स. एवढंच.

"उचल," तो म्हणाला.

मी बटणावर अंगठा नेला. नेला, खोटं कशाला सांगू? आणि तिथंच ठेवला, दाबला नाही.

"अगं उचल ना! झोपलीस का?"

त्याच्या डोक्यावरची लाल रेघ कमी होत होती. मला त्या रेघेत माझी संध्याकाळ दिसत होती. उजेड असताना घरी पोचायचं, दार पोरीनं उघडायचं, सासूबाईंचं ते 'बघू' त्यांनाच परत द्यायचं. रेघ संपली की हे सगळं माझं.

"ताई," तो म्हणाला. इतक्या वर्षांत पहिल्यांदा. "ताई, उचल ना गं."

वॉशिंग मशीनची घरघर भिंतीपलीकडून ऐकू येत होती. मला त्याचा रागच आला. आता ताई? गरज पडल्यावर ताई, एरवी टॉवेल? पण खरं सांगते, तो आणखी काही म्हणाला असता तरी मी हलले नसते.

रेघ संपली. तो गेला आणि त्याच्या जागी पेटी उरली. मी पेटी उघडली, हेल्मेट घातलं, बंदूक उचलली. पुढे थोडाच वेळ टिकले, पण तेवढं पुरे होतं.

कोणी टाळी वाजवली नाही. सुपरवायझर म्हणाला, "नियमात बसतं." वाफ्या उठला, खुर्ची नीट आत सरकवली आणि रोलरकडे निघाला. दारात थांबून म्हणाला, "सकाळच्या गाडीचं पुढचं चाक ढिलं आहे, बघून घे." शिवी दिली असती तर बरं झालं असतं. मी म्हटलं, "माहितीये मला." मला माहीत नव्हतं.

पहिल्या दिवशी सकाळची शिफ्ट संपवून घरी आले तेव्हा बाहेर लख्ख उजेड होता. दार सासूबाईंनी उघडलं. 'बघू' म्हणाल्या नाहीत, हे त्यांचं मोठंच औदार्य. पोरगी पलंगावर गृहपाठ करत होती. मी हातपाय धुतले आणि तिच्या शेजारी जाऊन बसले.

"परवाचा सामना बघितलास?"

"हो."

"आई जिंकली की नाही?"

"हो," ती म्हणाली आणि वहीत रेघ मारली.

"अगं मग चल! आता चहाच्या सुट्टीची घाई नाही. खुशाल खेळू. दोघांत."

तिनं माझ्याकडे बघितलं. नाही म्हणाली असती तर मी ओरडले असते, रुसले असते, काहीतरी केलं असतं. पण ती म्हणाली, "बरं." सासूबाईंचा फोन घेऊन आली आणि माझ्या गुडघ्याला गुडघा लावून बसली. पहिल्यांदाच आम्ही एका पलंगावर बसून खेळत होतो. मला इतकं बरं वाटलं की उगाच तिची वेणी नीट केली. तिनं मान धरली.

शाळेवर उतरलो. तिला भारी हेल्मेट मिळालं. मी म्हटलं, "वा गं माझी वाघीण!" तिनं ते डोक्यावर चढवलं आणि पुढे निघाली. आम्ही उतारावरून पळालो आणि त्याच दगडी भिंतीशी पोचलो, वर्तुळच तिकडे जात होतं. मी भिंतीमागे होते, ती अजून उघड्यावर. गोळी आली आणि ती पडली.

"थांब, आले! आले मी!" मी भिंत ओलांडून धावले. गोळ्या येत होत्या, येऊ देत म्हटलं. तिच्यापाशी पोचले आणि बटणावर अंगठा दाबला.

ती रांगत पुढे सरकली. बटण सुटलं. मी पुन्हा जवळ गेले, ती पुन्हा सरकली, भिंतीपासून लांब, माझ्यापासून लांब. रेघ कमी होत होती.

"अगं हलू नकोस! उचलतेय ना मी!"

"राहू दे, आई," ती म्हणाली. आवाजात राग नव्हता, काहीच नव्हतं. "पेटीत हेल्मेट आहे. घे."