यंत्रमानवाचा कोयता

पावसानं सलग तिसऱ्या वर्षी दगा दिला होता. ऊसच नव्हता, म्हणून सहकारी साखर कारखान्याचं गाळप बंद होतं. रौप्यमहोत्सव मात्र ठरल्या तारखेलाच होणार होता. त्यासाठी अध्यक्ष सुंदररावांनी बीडच्या एका कॉलेजातून चित्र काढणारा लोखंडी हात मागवला.

हाताची एक अट होती. कुणीतरी त्याचं मनगट धरून आधी चित्र गिरवायचं. मग तो तेच, हवं तेवढं मोठं करून, कारखान्याच्या भिंतीवर उतरवायचा. हात बनवणाऱ्या गहिनीनाथ सरांना स्वतःला मांजरही काढता येत नव्हतं. म्हणून नांदूरघाटहून भिवराबाईला बोलावलं. ती ऊसतोडीला जायची, आणि पंचमीला निम्म्या गावाच्या भिंतींवर नाग तीच काढायची.

आठ दिवस मनगट धरून तिनं उसाचा अख्खा फड उभा केला. फक्त गाडीचे बैल राहिले होते, तेवढ्यात पाटी आली: ‘चित्रकार – यंत्रमानव. संकल्पना – सुंदरराव.’

सोबत आलेल्या लेकीकडून पाटी वाचून घेऊन भिवराबाई थेट अध्यक्षांसमोर उभी राहिली. आपलं नाव कुठाय, एवढंच तिनं विचारलं.

सुंदररावांनी तिला तिच्याच धंद्यातलं उदाहरण दिलं. "कोयता म्हंजी काय गं? जोडी. नवरा तोडतो, बायको मोळी बांधती, अन् नाव लागतं नवऱ्याचं. हितं तू अन् यंत्र मिळून एक कोयता. अन् यंत्रमानव पुल्लिंगी हाय."

"वीस हंगाम नवऱ्याच्या, सटव्याच्या नावावर राबले," भिवराबाई म्हणाली. "त्यो निदान ऊस तरी तोडायचा. ह्यो कशानं माझा नवरा?"

गहिनीनाथ सर यंत्राचे नटबोल्ट तपासू लागले.

नाव लागेपर्यंत बैल येणार नाहीत, असं सांगून ती भिंतीच्या सावलीला जाऊन बसली. पाणी प्यायली, उठली मात्र नाही.

सहकारात कुणावाचून काही अडत नाही, असं म्हणत सुंदररावांनी बाह्या सारल्या आणि स्वतः मनगट धरलं. यंत्रानं इमानेइतबारे दहा फुटी बैल काढला. दोघा संचालकांना तो पाण्याचा टँकर वाटला. दुष्काळात विषय समयोचित आहे, असं त्यांनी बोलूनही दाखवलं.

याखाली चित्रकार म्हणून कुणाचं नाव घालायचं, असं सरांनी विचारलं.

"यंत्राचंच घाला. चुकलंय त्येच."

"यंत्र चुकलं नाही, साहेब. तुमचा हात फिरला तसंच काढलंय."

सुंदररावांनी बैलावर फासायला चुना मागवला आणि पेंटरलाही बोलावणं धाडलं.

पेंटरनं जुनी पाटी पुसून ‘सौ. भिवराबाई सटवा’ असं लिहायला घेतलं. लेकीनं वाचून दाखवताच भिवराबाई उठून आली.

"सौ. बी पूस, सटवा बी पूस. नुस्तं भिवराबाई. अन् खाली यंत्राचं लिव. त्येनं बी उन्हात काम केलंय."

संकल्पनेचं काय, असं सुंदररावांनी हळूच विचारलं. आधी नाव वाळू द्या, म्हणाली. ते वाळेपर्यंत ती भिंतीपासून हलली नाही. मग तिनं पदर खोचला, यंत्राचं मनगट धरलं आणि बैलाचं पहिलं शिंग ओढलं.