फळीवरचं पोतं

किनाऱ्यावरच्या पेकालोंगन शहरातल्या आमच्या गल्लीत समुद्र विचारून येत नाही. भरती चढली की गटारातून वर येतो, अंगणात शिरतो, आणि बायका घोटाभर पाण्यात बसून कापडावर मेणाची नक्षी काढत राहतात. त्या वर्षी मात्र पाणी ओसरायचं नाव घेईना.

शेजारचा दारसोनो कापड रंगवायचा. त्याचा निळा रंग आधी दिसतच नसे. कापड अ‍ॅसिडच्या पाण्यात बुडवलं की उमलायचा. अ‍ॅसिडचे कॅन शेडमध्ये जमिनीवर, आणि कापड पांढरं करायच्या ब्लिचिंग पावडरचं पोतं लांब स्वयंपाकघरात. ही शिस्त त्याच्या बायकोची, कास्मिनाची. स्वयंपाकघरात पाणी शिरलं तसं दारसोनोनं पोतं उचललं आणि शेडमध्येच, कॅनच्या वरच्या फळीवर टाकलं.

"अहो, ती दोन्ही एका खोलीत नकोत," ती म्हणाली.

"तू आणि माझी आई एका घरात नांदलात ना? मग ही कशाला भांडतील?"

मी हसलो. कास्मिना हसली नाही.

दुसऱ्या दिवशी भर दुपारी पाणी आलं ते गुडघ्याच्या वर. शेडमधून फळी कोसळल्याचा आवाज आला. मग शेडमागची बदकं एकाएकी गप्प झाली. लग्नाच्या ऑर्डरचं कापड आत वाळत होतं, दारसोनो धावला. मी दाराशी पोचलो तर पोतं फुटून अ‍ॅसिडच्या कॅनांवर पडलं होतं आणि पाण्यावर पिवळट हिरवा धूर लोळत होता. नाकाडोळ्यांत मिरची गेल्यासारखं झालं. आत तो दोनदा खोकला. मग काहीच ऐकू येईना.

कास्मिनानं तोंडावर ओलं फडकं धरलं आणि कापड फिरवायचा लांब बांबू आत सारून त्याच्या लुंगीत अडकवला. दुसरं टोक मी धरलं. आम्ही त्याला ओढून बाहेर काढलं.

"इथं ठेवू नका, वर न्या!" ती ओरडली.

तो धूर पाण्यावरून आमच्या मागे सरपटत येत होता. आम्ही दारसोनोला मशिदीच्या माडीवर नेलं, तिथून इस्पितळात.

तो वाचला. आवाज मात्र घोगरा झाला, आणि चार पायऱ्या चढला की धाप लागते. बदकं सगळी मेली.

नंतर कास्मिना घरोघरी जाऊन कोणी काय कुठं ठेवलंय ते बघू लागली. काहींना राग आला. एक म्हणाली, "आता आमची घरं तू लावणार का?" कास्मिनानं तिच्या अ‍ॅसिडशेजारचं पावडरचं पोतं उचललं आणि बाहेर नेऊन ठेवलं.

दारसोनो आता ओट्यावर बसून गटाराकडे बघत असतो. परवा त्यानं मला हाक मारली, म्हणजे हात हलवला.

"पाणी आलं," तो म्हणाला.

गटार काठोकाठ भरलं होतं, आणि भरतीची वेळ अजून झाली नव्हती.